बैल, डुक्कर, बिबट्या आणि मराठी दिग्दर्शक

२००८ सालच्या पहिल्या काही महिन्यांत मराठीत दोन सिनेमे थोड्याच अंतराने लागले. दोन्ही नव्या दिग्दर्शकांचे पहिलेच पूर्ण लांबीचे चित्रपट आणि दोन्हींच्या केंद्रस्थानी बैल. मंगेश हाडवळे यांच्या ‘टिंग्या’मध्ये दावणीचा, जायबंदी झालेला बैल. उमेश कुलकर्णी यांच्या ‘वळू’मध्ये देवाच्या नावाने सोडलेला, गावभर हुंदडणारा बैल. पहिला बघताना डोळे भरून येतात, दुसरा बघताना हसून पोट दुखतं. त्यानंतरच्या दहा वर्षांत मराठी पडद्यावर गाय आली, डुक्कर आलं, मेंढरं आली, बिबट्या आला, म्हैस आणि तिचं पारडू आलं.

माणूस आणि जनावर यांचं नातं हा विषय घेऊन आयुष्यभर काम करणारे दिग्दर्शक जगात मोजकेच आहेत. मराठीत असा एकच माणूस दाखवता येत नाही. मराठीत हे काम पाच-सहा जणांनी वाटून घेतलं, असं म्हणता येईल. त्या सगळ्यांत एक गोष्ट समान आहे. त्यांच्या सिनेमातलं जनावर काही करामत करून दाखवत नाही. ते चरतं, बसतं, पळतं, आजारी पडतं. जे काही करतो ते माणूस करतो, आणि त्यावरून त्याची पारख होते. हे वेगळेपण कुठून आलं आणि त्यातून काय दिसतं, ते क्रमाने पाहू.

आधी काय होतं?

हिंदी सिनेमात प्राण्यांची मोठी परंपरा आहे, पण ती हुशार आणि इमानी प्राण्यांची. तमिळ निर्माते सँडो चिन्नप्पा देवर यांनी प्राण्यांवरचे सिनेमे काढण्यातच नाव कमावलं. १९७१ चा ‘हाथी मेरे साथी’ त्यांचाच. त्यातला रामू हत्ती मालकाचा जीव वाचवतो आणि शेवटी स्वतःचा जीव देतो. १९८५ च्या ‘तेरी मेहरबानियाँ’मधला मोती कुत्रा तर मालकाच्या खुनाचा सूड उगवतो. या सिनेमांत प्राणी म्हणजे चार पायांचा नायक. माणसापेक्षा जास्त माणुसकी त्याच्यात असते, आणि टाळ्या त्यालाच पडतात.

मराठीची वाट थोडी निराळी होती, कारण आपल्याकडे ग्रामीण कथेचा वारसा आहे. व्यंकटेश माडगूळकरांच्या ‘बनगरवाडी’त मेंढरांशिवाय माणसांची कल्पनाच करता येत नाही. दुष्काळ पडला की आधी मेंढरं हलतात, मग वाडी ओस पडते. या कादंबरीवर अमोल पालेकर यांनी १९९५ मध्ये चित्रपट केला. मेंढरू इथे कुणाचा जीव वाचवत नाही. ते पोट भरतं, आणि त्याचं पोट भरलं नाही की माणसाचंही भरत नाही. २००८ नंतरच्या दिग्दर्शकांनी हाच धागा उचलला.

जगाच्या सिनेमातही ही दुसरी वाट आहे. फ्रेंच दिग्दर्शक रॉबेर ब्रेसाँ यांच्या १९६६ च्या ‘ओ आझार बाल्थाझार’मध्ये एक गाढव एका मालकाकडून दुसऱ्याकडे जात राहतं. ते काहीच पराक्रम करत नाही. मालक मात्र एकेक करून उघडे पडतात. केन लोच यांच्या १९६९ च्या ‘केस’मध्ये इंग्लंडच्या खाणगावातला एक पोरगा ससाण्याच्या जातीचा पक्षी पाळतो, आणि शाळेने व घराने त्याचं काय केलं ते त्या पक्ष्यामुळे कळतं.

‘टिंग्या’: आजीला औषध, मग बैलाला का नाही?

हाडवळे मूळचे जुन्नर तालुक्यातल्या राजुरीचे. सिनेमाही त्याच मुलखात घडतो. कारभारी हा कर्जात बुडालेला शेतकरी. बटाट्याची लावणी तोंडावर आलेली. अशात त्याच्या जोडीतला चितंग्या बैल वाघासाठी लावलेल्या सापळ्यात सापडून जायबंदी होतो. (जुन्नरकडे बिबट्यालाही वाघच म्हणतात.) औताला जुंपता येत नाही असा बैल गोठ्यात उभा ठेवायचा म्हणजे रोजची वैरण आली आणि दुसरा बैल घ्यायला पैसा नाही. कारभारीपुढे एकच रस्ता उरतो: बैल कसायाला विकायचा आणि त्या पैशात भर घालून नवा आणायचा.

त्याचा धाकटा मुलगा टिंग्या चितंग्याच्या सोबतच वाढलेला. त्याच वेळी शेजारच्या रशिदाची आजी आजारी आहे. तिच्यासाठी औषधपाणी चाललंय, घरची माणसं धावपळ करताहेत. टिंग्या हे बघतो आणि विचारतो: आजी म्हातारी झाली, काम करत नाही, तरी तिला वाचवायचं; मग चितंग्याला का मारायचं? मोठ्या माणसांकडे याचं उत्तर नसतं. ते रागावतात, समजूत घालतात, विषय बदलतात.

या सिनेमाची खरी ताकद म्हणजे कारभारी खलनायक नाही. त्यानेही चितंग्याला पोराप्रमाणे वाढवलंय. पोळ्याला शिंगं रंगवून, झूल घालून मिरवलेल्या बैलाला दोन महिन्यांनी बाजारात उभं करावं लागतं, हे शेतकऱ्याच्या घरात नवं नाही. माया खरी असते आणि हिशेबही खरा असतो. हाडवळे दोन्ही समोर ठेवतात आणि एकाची बाजू घेत नाहीत. शरद गोएकर या मुलाने टिंग्याचं काम केलं, आणि २००७ सालासाठीचा सर्वोत्कृष्ट बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाला.

हाडवळे यांचा पुढचा सिनेमा ‘देख इंडियन सर्कस’ हिंदीत होता, राजस्थानात घडणारा. २०११ च्या बुसान महोत्सवात त्याला प्रेक्षक पुरस्कार मिळाला. पोरांची साधी इच्छा आणि ती पुरवायला न परवडणारी परिस्थिती, हे सूत्र तिथेही कायम राहिलं.

सिनेमानंतर बदललेला कायदा

‘टिंग्या’ आज पाहताना एक गोष्ट लक्षात ठेवायला हवी. तो आला तेव्हा महाराष्ट्रात १९७६ चा पशुसंरक्षण कायदा होता. गायीच्या कत्तलीला बंदी होती, पण बैल आणि वळू यांना कामास निकामी झाल्याचं प्रमाणपत्र मिळालं तर मुभा होती. मार्च २०१५ मध्ये दुरुस्ती लागू झाली आणि बैल व वळूही बंदीच्या कक्षेत आले. म्हशीला ती बंदी नाही. २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ही बंदी कायम ठेवली. राज्याबाहेर कापलेलं गोमांस जवळ बाळगण्याबद्दलचं कलम मात्र रद्द केलं.

म्हणजे आजचा कारभारी चितंग्याला कायद्याने कसायाला विकू शकत नाही. पण त्याच्या गोठ्यातला हिशेब काही बदललेला नाही. बैल उभा आहे, वैरण लागते, काम होत नाही, दुसरा बैल घ्यायचा तर पैसा नाही. टिंग्याच्या बाजूने निकाल लागला, पण वैरणीचं बिल कारभारीच्याच नावावर राहिलं. मग अशी जनावरं हळूच सोडून दिली जातात आणि रस्त्यावर येतात. इथेच दुसऱ्या सिनेमाचा बैल येतो.

‘वळू’: कुणाचाच नसलेला बैल

देवाला वासरू सोडण्याची चाल महाराष्ट्रात जुनी आहे. ते कुणाच्या दावणीला बांधत नाहीत, औताला जुंपत नाहीत. गावातल्या गायी फळतात त्या त्याच्याकडून. बदल्यात त्याने कुणाच्याही शेतात तोंड घातलं तरी लोक हाकलतात, मारत नाहीत. व्यवस्था चोख होती: खर्च गावाचा, फायदा गावाचा, मालक देव.

कुसवडे गावात हीच व्यवस्था मोडलेली आहे. डुरक्या वळू बेफाम झालाय असं गावकरी म्हणतात. कुणाचं कुंपण मोडलं, डुरक्या. कुणाचं पीक गेलं, डुरक्या. हळूहळू ज्याचा बैलाशी काडीचा संबंध नाही तेही त्याच्याच नावावर खपवलं जातं. सरपंच (मोहन आगाशे) आणि विरोधी गट यांचं राजकारणही त्याच्याभोवती फिरू लागतं. मग वनखात्याचा अधिकारी स्वानंद गड्डमवार (अतुल कुलकर्णी) बोलावला जातो. वळू हे जंगली जनावर नाही, त्यामुळे हे आपलं काम नव्हे, असं त्याला वाटतं, पण तो येतो. सोबत धाकटा भाऊ कॅमेरा घेऊन येतो, माहितीपट काढायला.

दिग्दर्शकाची खरी चलाखी या कॅमेऱ्यात आहे. कॅमेरा दिसला की गावातला प्रत्येक जण बैलाबद्दल बोलायला लागतो आणि बोलता बोलता स्वतःबद्दलच सांगून जातो. बैल बहुतेक वेळ कुठेतरी शांतपणे चरत असतो. त्याला धरण्यासाठीच्या गमतीजमती, मोहिमा, धावाधाव हा सगळा खेळ माणसांचा. पटकथा उमेश कुलकर्णी आणि गिरीश कुलकर्णी या जोडीची. गिरीश यांनी जीवन हे गावातलं सगळीकडे पुढेपुढे करणारं पात्रही केलं. २००८ मध्ये हा सिनेमा नेदरलँड्समधल्या रॉटरडॅम महोत्सवात दाखवला गेला.

‘देऊळ’: गाय हरवते, देव सापडतो

उमेश कुलकर्णी यांची वाटचाल पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून सुरू झाली. ‘गिरणी’ या लघुपटाने ते नावारूपाला आले. ‘वळू’नंतर ‘विहीर’ आला, आणि २०११ मध्ये ‘देऊळ’. त्यात पुन्हा एक जनावर गोष्टीला गती देतं, पण या वेळी अगदी थोडा वेळ.

मंगरूळ गावातला केशा (गिरीश कुलकर्णी) करडी नावाच्या गायीमागे रानात फिरतो. थकून औदुंबराखाली झोपतो आणि त्याला दत्ताचं दर्शन होतं. मराठी माणसाला हे जुळवायला वेळ लागत नाही: दत्ताच्या चित्रात मागे गाय असते आणि पायाशी चार कुत्री. केशाचा अनुभव साधा, खासगी. पण बातमी गावात पोचते, गावातून पुढाऱ्यांपर्यंत जाते, आणि पाहता पाहता देऊळ, दुकानं, जाहिराती, गर्दी सगळं उभं राहतं. भाऊ गळांडे (नाना पाटेकर) हा पुढारी आधी का-कू करतो, मग वाऱ्याची दिशा ओळखतो.

जिच्यापासून हे सुरू झालं ती गाय या बाजारात कुणाच्या लक्षातही राहत नाही. गोठ्यातल्या जित्या जनावराशी असलेलं नातं आणि मूर्तीतल्या देवाशी जोडलेला व्यवहार यांतलं अंतर सिनेमा इतक्या सहज दाखवतो की भाषणाची गरज पडत नाही. ‘देऊळ’ला ५९ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान ‘ब्यारी’सोबत विभागून मिळाला. अभिनय आणि संवाद यांसाठी गिरीश कुलकर्णी यांचाही गौरव झाला.

‘फँड्री’: जनावर धरायचं काम कुणाचं?

२०१३ मध्ये महोत्सवांत आणि फेब्रुवारी २०१४ मध्ये चित्रपटगृहांत आलेल्या नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’ने या विषयाला वेगळंच वळण दिलं. आधीच्या सिनेमांत जनावराबद्दल माया होती, भीती होती, श्रद्धा होती. इथे डुक्कर आहे आणि त्याच्याबद्दल गावाला किळस आहे. ती किळस डुकरापुरती थांबत नाही. ते धरणाऱ्या कैकाडी कुटुंबालाही चिकटवली जाते.

जब्या (सोमनाथ अवघडे) शाळेत शिकतो, वर्गातल्या शालूवर त्याचा जीव जडलाय. काळी चिमणी मारून तिची राख शालूवर टाकली की ती वश होईल, अशी त्याची समजूत, म्हणून तो गलोल घेऊन रानोमाळ फिरतो. एका जनावराच्या मागे तो स्वतःच्या मर्जीने धावतो. दुसऱ्याच्या मागे धावणं त्याच्यावर जन्माने लादलेलं आहे. जत्रेत डुकरांमुळे गोंधळ होतो. मग गाव कचरू मानेला (किशोर कदम) डुकरं धरायला सांगतं. मुलीच्या लग्नासाठी त्याला पैसा हवा असतो, त्यामुळे नाही म्हणायची सोय नाही.

शेवटचा भाग बारकाईने पाहण्यासारखा आहे. शाळेजवळच्या मोकळ्या जागेत अख्खं कुटुंब डुकरामागे धावतंय. आजूबाजूला बघे जमलेत, हसताहेत, मोबाइलवर चित्रं काढताहेत. जब्या आडोशाला लपून राहतो, कारण वर्गातली मुलं, त्यात शालूही, बघताहेत. अगदी डुक्कर हाताशी आलेलं असताना शाळेत राष्ट्रगीत सुरू होतं. जब्या ताठ उभा राहतो. बाप, आई, बहिणी जिथे असतील तिथे थांबतात. डुकराला राष्ट्रगीत माहीत नाही. ते आपल्या वाटेने निघून जातं. पुढे पकडलेलं डुक्कर काठीला बांधून खांद्यावरून नेताना मागे शाळेची भिंत दिसते. तिच्यावर डॉ. आंबेडकर, फुले आणि शाहू महाराज यांची चित्रं आहेत. एका जनावराच्या निमित्ताने दिग्दर्शकाने शाळा, देश, जात आणि गावाची करमणूक हे सगळं एका चौकटीत आणलं. अवघडेला बालकलाकाराचा, तर मंजुळे यांना पदार्पणाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

मेंढरं आणि पारडू

भाऊराव कऱ्हाडे यांच्या ‘ख्वाडा’ (२०१५) मध्ये धनगर कुटुंब मेंढरं घेऊन रानोमाळ हिंडतं. त्यांची जमीन वनखात्याकडे गेलेली, कोर्टात केस चालू. माणूस जनावरामागे फिरतो ते हौसेने नव्हे, बसायला जागा नाही म्हणून. सिनेमासाठी कऱ्हाडे यांनी स्वतःची जमीन विकली, ही गोष्ट त्या वेळी खूप बोलली गेली. चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कारांत परीक्षकांचं विशेष पारितोषिक मिळालं.

२०१७ चा ‘नाळ’ सुधाकर रेड्डी यक्कंटी यांचा. निर्मात्यांत आणि कलाकारांत मंजुळे. नदीकाठच्या गावातल्या चैत्याला कळतं की आपली आई सख्खी नाही. तिथून त्याचं मन घरातल्या म्हशीकडे आणि तिच्या पारडाकडे बघू लागतं. आई म्हणजे काय हे मोठी माणसं त्याला सांगू शकत नाहीत. गोठ्यात ते त्याला दिसतं. चैत्याचं काम करणाऱ्या श्रीनिवास पोकळेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. टिंग्या, जब्या, चैत्या: तिन्ही ठिकाणी जनावराशी संवाद पोराचा आहे. मोठ्यांनी जो प्रश्न विचारायचं सोडून दिलं, तो विचारायला दिग्दर्शकाला लहान मूलच लागतं.

‘आजोबा’: खरा बिबट्या

सुजय डहाके यांचा ‘आजोबा’ मे २०१४ मध्ये आला. तो आधारलेला आहे एका खऱ्या बिबट्यावर आणि वन्यजीव अभ्यासक विद्या अत्रेय यांच्या कामावर. उर्मिला मातोंडकर यांनी अभ्यासकाची भूमिका केली.

घडलं ते असं. २००९ मध्ये पारनेर तालुक्यातल्या टाकळी ढोकेश्वर इथे एक बिबट्या विहिरीत पडला. त्याला बाहेर काढलं, गळ्यात जीपीएस पट्टा बसवला आणि माळशेज घाटात सोडलं. पुढच्या काही आठवड्यांत तो साधारण १२० किलोमीटर चालत मुंबईच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाकडे आला. वाटेत महामार्ग, कसाऱ्याजवळची रेल्वे, वसईची खाडी. या प्रवासात त्याने कुणालाही इजा केली नाही. डिसेंबर २०११ मध्ये वाहनाच्या धडकेत तो मेला.

‘टिंग्या’ आणि ‘आजोबा’ यांना जोडणारी जागा म्हणजे जुन्नर. २००१ नंतर जुन्नर परिसरात बिबट्यांचे माणसांवरचे हल्ले एकदम वाढले. अत्रेय आणि सहकाऱ्यांच्या अभ्यासातून दिसलं की बिबटे पकडून दुसरीकडे नेऊन सोडण्याच्या मोहिमेनंतर सोडलेल्या जागांच्या आसपास हल्ले वाढले होते. ओळखीच्या मुलखातून उचललेलं जनावर अनोळखी जागी गोंधळतं, परत फिरू बघतं. उलट अकोले तालुक्यातल्या उसाच्या पट्ट्यात माणसांच्या दाट वस्तीत बिबटे राहताना आढळले, आणि माणसांवर हल्ले मात्र नव्हते. म्हणजे गावाला जो उपाय वाटत होता, त्यानेच अडचण वाढत होती. ‘वळू’मधला गड्डमवार आणि ‘आजोबा’मधली अभ्यासक दोघांपुढे एकच पेच आहे: जनावराला हाताळणं सोपं, त्याच्याबद्दल गावाच्या डोक्यात बसलेलं हाताळणं कठीण.

जनावरासोबत शूटिंग

बैलाला ‘रडून दाखव’ म्हणता येत नाही. त्यामुळे जनावरासोबत काम करणारा दिग्दर्शक परिस्थिती जुळवतो. ऊन चढायच्या आत चित्रीकरण उरकतो. चौकटीच्या बाहेर मालक किंवा सांभाळणारा वैरण घेऊन उभा राहतो, म्हणजे जनावराची मान हवी तिकडे वळते. कॅमेरा लांब आणि स्थिर ठेवला की ते बुजत नाही. बाकीचं काम संकलनाचं. पोराचा चेहरा, मग बैलाचा डोळा, मग पुन्हा पोराचा चेहरा: अशा तीन तुकड्यांतून प्रेक्षक स्वतःच अर्थ लावतो. बैल त्या क्षणी कदाचित माशी हाकलत असेल.

जुन्या काळी जोखीम वेगळी होती. ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) करताना व्ही. शांताराम बैलाशी झुंजीच्या प्रसंगात डोळ्याला इजा होऊन जायबंदी झाले. बैलाचं काय झालं हे तेव्हा कुणी विचारलं नसतं. आता विचारावं लागतं. १९६० च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्याखाली २००१ मध्ये नियम झाले. त्यानुसार सिनेमात वापरायच्या प्राण्याची नोंद करावी लागते, पशुवैद्यकाचं तंदुरुस्तीचं प्रमाणपत्र लागतं, गुंगीचं औषध देऊन काम करून घेता येत नाही, झुंजी लावता येत नाहीत. भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाची परवानगी नसेल तर सेन्सॉरच्या टप्प्यावर सिनेमा अडतो. सिनेमाच्या सुरुवातीला येणारी ‘प्राण्यांना इजा केलेली नाही’ ही ओळ याच व्यवस्थेतून येते. त्यामुळे आता अनेक ठिकाणी संगणकावर तयार केलेला प्राणी दिसतो. कटकट वाचते, पण माणूस आणि जनावर एका जागी उभे असताना जो अवघडलेपणा दिसतो तो त्यात येत नाही.

खांब-रोह्याकडून बघताना

हे सगळे सिनेमे घाटावरचे किंवा विदर्भाकडचे. पण मुंबई-गोवा महामार्गावर नागोठणे आणि कोलाडच्या मध्ये असलेल्या खांबसारख्या गावात बसून पाहिले तरी परके वाटत नाहीत. भाताच्या खाचरात चिखलणीला आता बैलजोडीपेक्षा पॉवर टिलर जास्त दिसतो. ज्याच्या वाड्यात पूर्वी जोडी होती, त्याच्याकडे आज गोठ्याची पडवी मोटारसायकलला कामी येते. बैल कामातून गेला की त्याचं काय करायचं, हा कारभारीचा प्रश्न कोकणातही तितकाच खरा.

मालक नसलेली गुरं रात्री डांबरी रस्त्यावर येऊन बसतात, कारण रस्ता कोरडा आणि ऊबदार असतो. गाडीवाल्याला ती शेवटच्या क्षणी दिसतात. डुरक्याला निदान देवाचं नाव होतं. या गुरांना तेही नाही. अपघात झाला की दोष जनावराचा, मालक कोण हे कुणी सांगत नाही.

अलिबाग-मुरुडच्या किनाऱ्यांवर बैलगाडी शर्यतींची मोठी हौस. जुलै २०११ मध्ये केंद्राने खेळ-प्रदर्शनासाठी वापरायला मनाई असलेल्या प्राण्यांच्या यादीत बैल घातला. मे २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शर्यती थांबवल्या. राज्याने २०१७ मध्ये कायदा दुरुस्त केला, डिसेंबर २०२१ मध्ये शर्यतींना परवानगी मिळाली आणि १८ मे २०२३ रोजी घटनापीठाने त्यावर शिक्कामोर्तब केलं. शर्यतीचा बैल मालक स्वतः उपाशी राहून पोसतो, हेही खरं आणि धाव वाढावी म्हणून त्याला छळतात, हेही घडत आलंय. मराठीत या विषयावर एक चांगला सिनेमा अजून व्हायचा आहे.

आणि जंगल फार लांब नाही. मुरुड-रोहा तालुक्यांतलं फणसाड अभयारण्य पूर्वी जंजिरा संस्थानाचं शिकारीचं राखीव रान होतं. १९८६ मध्ये ते अभयारण्य झालं, सुमारे ५४ चौरस किलोमीटरचं. शिकारीसाठी राखलं म्हणून ते रान टिकलं, आणि टिकलं म्हणून आज तिथे शेकरू बघायला मिळतो.

कुठून सुरुवात करावी?

शाळेत, वाचनालयात किंवा महिला मंडळात हे सिनेमे दाखवायचे असतील, तर क्रम असा ठेवता येईल.

पहिला ‘वळू’. हसत हसत बघता येतो आणि गावातल्या प्रत्येकाला त्यात शेजारी सापडतो. बघून झाल्यावर विचारावं: डुरक्याने खरंच काय काय केलं, आणि त्याच्या नावावर काय काय खपलं? याद्या वेगळ्या कराव्यात.

मग ‘टिंग्या’, मोठी माणसं आणि मुलं एकत्र बसवून. मुलांना विचारावं की कारभारीने काय करायला हवं होतं, आणि मोठ्यांना विचारावं की त्यासाठी पैसे कुठून आणायचे. चर्चा तापली तर उत्तम.

‘नाळ’ लहानांसोबत, ‘आजोबा’ बिबट्याची वर्दळ असलेल्या गावात जरूर. वनरक्षकाला बोलावून, बिबट्या दिसला तर काय करावं याची माहितीही त्याच बैठकीत घेता येते.

‘फँड्री’ आठवीच्या पुढच्या मुलांना दाखवावा, आणि शिक्षकांनी आधी स्वतः पाहावा. त्यानंतर एकच प्रश्न पुरेसा: आपल्या गावात मेलेलं जनावर कोण उचलतं, आणि हे काम त्याच्याकडेच का? वर्गात उत्तर मिळालं नाही तर ग्रामसभेत विचारावा.